पाच लिटरचा खोका

जुन्या ध्वनिफितींवरील ग्रामीण बोली ऐकून कागदावर उतरवणे हा माझा अनेक वर्षांचा उद्योग. काही काळापूर्वी एका स्नेह्याने या कामासाठी मला आपली स्पीकरची जुनी जोडी दिली. नाव ‘एलएस३/५ए’, आकार साधारण बुटांच्या खोक्याएवढा. १९७०च्या दशकातील या ब्रिटिश रचनेला आजही मागणी आहे आणि तिच्या नव्या आवृत्त्याही निघतात. असे का व्हावे, हा प्रश्न मला पडला.

हा स्पीकर घरासाठी बनलेलाच नव्हता. बीबीसीच्या बाह्यप्रक्षेपण गाड्यांत मोठे स्पीकर मावत नसत आणि प्रत्येक वेळी हेडफोन लावून काम करणे सोयीचे नव्हते. स्टुडिओंच्या लहान प्रतिकृतींवर ध्वनीचे प्रयोग करताना संशोधन विभागाने एक छोटा स्पीकर तयार केला होता; त्यातूनच पुढे हा घडला. हारवुड, व्हॉटन आणि मिल्स यांनी १९७६च्या अहवालात त्याची रचना मांडली.

आत केईएफ कंपनीचे दोन ध्वनिघटक आहेत: खालच्या व मधल्या स्वरांसाठी बी११०, वरच्या स्वरांसाठी टी२७. खोक्याच्या भिंती जाड नाहीत. पातळ बर्च प्लायवूडला आतून कंपन शोषणारे अस्तर आहे, म्हणजे लाकूड स्वतःचा सूर मिसळत नाही. वरच्या घटकाभोवती फेल्टची चौकट आहे. खोक्याच्या कडांवरून होणारे परावर्तन ती कमी करते.

बीबीसीच्या अभियंत्यांची एक जुनी कसोटी होती: माणसाचे बोलणे. तो आवाज आपण जन्मापासून ऐकतो, त्यामुळे त्यातील खोट लगेच कळते. या स्पीकरने तेवढे नीट सांभाळले आणि बाकीचे सोडून दिले. जेमतेम पाच लिटरच्या खोक्यातून खोल खर्ज निघत नाही, फार मोठा आवाजही झेपत नाही. मात्र खालच्या स्वरांत एका जागी थोडा उठाव आहे. त्यामुळे कानाला खर्ज असल्याचा भास होतो. म्हणजे हा अगदीच भाबडा गडी नव्हे!

रॉजर्स, स्पेंडॉर, हारबेथ अशा कंपन्यांनी परवान्याखाली हे स्पीकर बनवले. कोणाचाही नग बीबीसीच्या मापातच बसला पाहिजे, एक बिघडला तर दुसरा त्याच्या जागी चालला पाहिजे, ही अट होती. आज शौकीन नेमके उलटे करतात: अमुक कंपनीचीच, पंधरा ओहमचीच जोडी हवी, अकराची नको, म्हणून भांडतात. कामाच्या हत्याराचा देव झाला की असे होते.

माझ्यापुरते उत्तर एका शब्दात मिळाले. एका फितीवरील आजीबाईंचा ‘पाणी’ हा शब्द मी कधीच उतरवून ठेवला होता. या जोडीवर ती फीत पुन्हा लावली, तर बाई स्पष्ट ‘पानी’ म्हणत होत्या. दोष जुन्या स्पीकरचा किती आणि शाळेत घडलेल्या माझ्या कानाचा किती, हे सांगता येणार नाही. ‘ण’ मीच त्यांच्या तोंडी घातला होता. वही काढली आणि तो खोडला. आता आधीच्या सगळ्या फिती पुन्हा ऐकायला बसलो आहे.