विहिरीच्या मुखाशी वसलेली नगरी
मेक्सिकोतील एका दिवसाच्या सहलीची निवड

प्रवासाला निघताना व्यापारी कुटुंब पैशाचा हिशेब चोख मांडते. वेळेचा हिशेब मात्र बहुधा मांडायचा राहून जातो. आणि एका दिवसाच्या सहलीत खरी तूट येते ती वेळेचीच.

अमेरिकेत स्थायिक झालेल्या मुलांकडे गेलेले आईवडील, सून, नातवंडे असे सारे मिळून हिवाळ्याच्या सुटीत मेक्सिकोच्या कॅनकूनला जाण्याची रीत आता अनेक घरांत रूढ झाली आहे. तीन-चार दिवस समुद्र पाहून झाला की सगळ्यांची नजर हॉटेलातील माहितीपत्रकांकडे वळते. प्रत्येक पत्रकावर एक पिरॅमिड असतो, एक निळाशार डोह असतो आणि ‘एकाच दिवसात सर्व काही’ असे आश्वासन असते. दरांत मोठी तफावत असते, चित्रे मात्र सारखीच. मग निवड कशाच्या आधारे करावी?

नगरी आणि पाणी

निवडीचे सूत्र त्या भूमीतच दडलेले आहे. युकातान द्वीपकल्पाचा उत्तर भाग चुनखडकाचा आहे. पडलेले पावसाचे पाणी तेथे जमिनीवर थांबत नाही. खडकाच्या भेगांतून खाली झिरपते. त्यामुळे या प्रदेशात भूपृष्ठावर वाहणारी नदी नाही. भूगर्भात मात्र पाण्याने भरलेल्या गुहांचे जाळे पसरलेले आहे. एखाद्या गुहेचे छत कोसळले की खालचे पाणी उघडे पडते आणि एक डोह तयार होतो. माया लोक त्याला ‘त्सोनोत’ म्हणत. स्पॅनिश उच्चारात त्याचे ‘सेनोटे’ झाले. द्वीपकल्पाच्या वायव्य भागात अशा डोहांची एक मोठी कमान आहे. सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी येथे आदळलेल्या अशनीच्या विवराच्या कडेवर ती उमटलेली आहे.

जेथे नदी नाही, तेथे जो डोह हाती ठेवतो त्याचेच गाव वसते. चिचेन इत्सा या प्रसिद्ध नगरीचे नावच हे सांगते. माया भाषेत ‘चि’ म्हणजे मुख, ‘चेन’ म्हणजे विहीर. इत्सा लोकांच्या विहिरीचे मुख, असा त्या नावाचा अर्थ. नगरीच्या दक्षिण बाजूचा श्तोलोक नावाचा डोह पिण्याच्या पाण्यासाठी होता, तर उत्तरेचा डोह पूजेसाठी. 2015 साली मेक्सिकोच्या राष्ट्रीय स्वायत्त विद्यापीठातील संशोधकांनी मुख्य पिरॅमिडच्या खालीही पाण्याने भरलेली पोकळी असल्याचे सांगितले. म्हणजे प्राचीन अवशेष आणि पोहण्याचे डोह ही माहितीपत्रकातील दोन वेगळी आकर्षणे नव्हेत. ती एकाच कथेची दोन अंगे आहेत. जी सहल ही कथा नीट सांगते ती चांगली, हीच पहिली कसोटी.

बारा तासांचा जमाखर्च

कॅनकूनहून चिचेन इत्सा सुमारे दोनशे किलोमीटर आहे. जाण्यास अडीच तास, परतण्यास अडीच तास. समजा, एका सहलीत नगरी, डोह आणि वायादोलिद हे जुने शहर अशी तीन ठिकाणे आहेत आणि एकूण बारा तासांचा अवधी आहे. पाच तास रस्त्यावर गेले. निरनिराळ्या हॉटेलांतून प्रवासी गोळा करण्यात व त्यांना परत सोडण्यात दीड तास गेला. जेवणाला एक तास. वाटेत हस्तकलेच्या दुकानात पाऊण तास. एकूण सव्वाआठ तास झाले. उरले पावणेचार तास. तीन ठिकाणी वाटले, तर प्रत्येकी सव्वा तास.

या सव्वा तासात चिचेन इत्सात काय पाहून होईल? कुकुल्कानच्या पिरॅमिडला चारही बाजूंनी प्रत्येकी 91 पायऱ्या आहेत. त्यांत वरचा चौथरा मिळवला की संख्या होते 365, वर्षाच्या दिवसांएवढी. वसंतसंपात आणि शरदसंपाताच्या सुमारास मावळतीच्या उन्हात पायऱ्यांच्या कठड्यावर सावल्यांचा सर्प उतरताना दिसतो. पिरॅमिडवर चढण्यास आता मनाई आहे, पण खाली उभे राहून हे गणित समजून घेण्यासही वेळ लागतो. जवळच सुमारे 168 मीटर लांबीचे चेंडूचे मैदान आहे. हे दोन पाहून होतात तोच बसची वेळ होते. मग पिरॅमिडपासून उत्तरेला गेलेल्या सुमारे तीनशे मीटरच्या प्राचीन पांढऱ्या वाटेने पूजेच्या डोहापर्यंत जाणे राहून जाते. ज्या विहिरीवरून नगरीला नाव मिळाले, ती विहीरच न पाहता कुटुंब परतते.

दुकानातील त्या पाऊण तासाचा अर्थ व्यापारी माणसाला सांगावा लागत नाही. बसचे भाडे बाजारभावापेक्षा फार कमी असेल, तर फरक कोठेतरी वसूल होणारच. त्यात गैर काही नाही. पण तो पैशाने न भरता आपल्या वेळेने भरला जातो, हे ध्यानात घ्यावे. प्रवेशशुल्काचेही तसेच. चिचेन इत्साला केंद्रीय पुरातत्त्व संस्थेचे आणि राज्य सरकारचे अशी दोन वेगळी शुल्के आहेत. जाहिरातीतील दरात ती धरलेली नसतील, तर स्वस्त वाटलेली सहल दारापाशी महाग होते. दरांची तुलना करायची ती सर्व शुल्के धरूनच करावी.

मार्गदर्शकाची भाषा आणि गटाची संख्या यांचाही याच खात्यात विचार करावा. मोठ्या बसमध्ये निवेदन स्पॅनिश आणि इंग्रजी अशा दोन भाषांत असेल, तर प्रत्येक गोष्ट दोनदा सांगितली जाते आणि ऐकणाऱ्याच्या वाट्याला निम्मीच येते. आठ-दहा जणांचे कुटुंब असल्यास स्वतंत्र गाडी आणि सरकारी परवाना असलेला मार्गदर्शक घेणे पुष्कळदा मोठ्या बसच्या एकूण खर्चाच्या जवळपास येते. मार्गदर्शक माया भाषक असेल तर उत्तमच. ही भाषा आजही युकातानमध्ये सात लाखांहून अधिक लोक बोलतात. भग्न नगरीचे वारस कोठेही लुप्त झालेले नाहीत.

पूजेच्या डोहाची कथा

हा डोह सुमारे साठ मीटर रुंद असून त्यात उतरण्यास परवानगी नाही. विसाव्या शतकाच्या प्रारंभी अमेरिकेचे वाणिज्यदूत एडवर्ड थॉम्प्सन यांनी त्याच्या तळातील गाळ उपसला. त्यातून जेड, सोन्याच्या तबकड्या, धूपाचे गोळे निघाले, तशीच मनुष्याची हाडेही निघाली. त्यांत लहान मुलांचीही होती. पर्जन्यदेव चाकने पाऊस पाडावा म्हणून येथे मौल्यवान वस्तूंबरोबर जीवही अर्पण केले जात.

अहिंसेच्या संस्कारात वाढलेल्या मनाला ही माहिती अस्वस्थ करते, आणि नातवंडे शेजारी असताना अधिकच. काही निवेदक या प्रसंगाचे रंगतदार भयनाट्य करतात. जाणता मार्गदर्शक तसे करत नाही. नदी नसलेल्या प्रदेशात एक पाऊस हुकला तर काय होत असेल, त्या भीतीने माणसे काय करून बसली, हे तो शांतपणे सांगतो. आरक्षणापूर्वी मार्गदर्शकाशी दोन मिनिटे बोलता आले तर बोलावे. तो पाण्याविषयी बोलतो की केवळ बळींविषयी, यावरून त्याची पारख होते.

घड्याळ, सूर्यास्त आणि ताट

या सहलीत घड्याळाची एक मेख आहे. कॅनकून किंताना रू राज्यात आहे, चिचेन इत्सा युकातान राज्यात. आणि दोहोंच्या वेळेत एका तासाचा फरक आहे. चिचेन इत्साचे घड्याळ एक तास मागे असते. जाताना हा तास लाभतो, परतताना तो फेडावा लागतो. सकाळी सातला निघालेली गाडी तेथील साडेआठच्या सुमारास पोहोचते. दारे आठला उघडतात, तेव्हा ऊन आणि गर्दी वाढण्याआधी नगरी पाहून होते. बसवर परतण्याची वेळ कोणत्या घड्याळाने सांगितली आहे, हे मात्र विचारून घ्यावे. मोबाइलवरील वेळ आपोआप बदलते आणि घोटाळा होतो.

सूर्यास्तापूर्वी भोजन आटोपणाऱ्या कुटुंबांसाठी हा तास फार महत्त्वाचा आहे. डिसेंबरात कॅनकूनला सहाच्या सुमारास सूर्य मावळतो, आणि पुष्कळ सहली सातनंतर परततात. म्हणजे संध्याकाळचे जेवण गाडीतच व्हावे लागेल. कोरडे पदार्थ बरोबर असावेत आणि जेवणासाठी पंधरा मिनिटे थांबणे शक्य आहे का, हे आधीच ठरवून घ्यावे.

दुपारच्या जेवणाबाबत ‘शाकाहारी मिळेल’ एवढ्या उत्तरावर थांबू नये. तेथे ‘कार्ने’ या शब्दाने अनेकदा केवळ लाल मांस समजले जाते. कोंबडी आणि मासे वेगळे सांगावे लागतात. घोटलेल्या घेवड्यात किंवा गव्हाच्या रोटीत डुकराची चरबी असू शकते, भात कोंबडीच्या रश्शात शिजवलेला असू शकतो. म्हणून ‘सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो, सिन उएवो, सिन मान्तेका’ म्हणजे मांस, कोंबडी, मासे, अंडी व चरबी नको, असे लिहूनच द्यावे. कंदमूळ वर्ज्य असल्यास त्यात ‘सिन सेबोया, सिन आहो, सिन पापा, सिन सानाओरिया’, अर्थात कांदा, लसूण, बटाटा, गाजर नको, एवढी भर घालावी. मक्याची साधी रोटी, एवोकाडो, टोमॅटो, लिंबू आणि फळे मात्र सर्वत्र मिळतात.

पाण्यात उतरण्यापूर्वी

चिचेन इत्साजवळचा इक किल हा डोह छायाचित्रांमुळे सर्वपरिचित आहे. त्याचे पाणी जमिनीपासून सुमारे सव्वीस मीटर खाली आहे आणि खोली चाळीस मीटरहून अधिक. खडकात कोरलेल्या ओल्या पायऱ्यांनी खाली उतरायचे आणि तितक्याच पुन्हा चढायच्या. गुडघे दुखणाऱ्या आजी-आजोबांना हे आधी सांगायला हवे. वरच्या कठड्यावरूनही डोह सुंदर दिसतो. खाली उतरलेच पाहिजे असे नाही. गोड्या पाण्यात समुद्राप्रमाणे शरीर सहज तरंगत नाही, म्हणून पोहता येणाऱ्यानेही लाइफ जॅकेट घालावे. मुलांच्या मापाची जॅकेटे आहेत का, हे सहल कंपनीला विचारावे.

पाण्यात उतरण्यापूर्वी अंग स्वच्छ धुण्याचा नियम असतो, आणि उन्हापासून बचावाची मलमे लावून उतरण्यास अनेक ठिकाणी मनाई आहे. हा नियम मनापासून पाळावा असे कारण आहे. हे डोह भूगर्भात एकमेकांशी जोडलेले आहेत. तुलुमजवळच्या दोन गुहाव्यवस्था एकच असल्याचे 2018 साली पाणबुड्यांना आढळले, तेव्हा तिची लांबी 347 किलोमीटर भरली होती. एका डोहात मिसळलेले द्रव्य तेथेच राहत नाही. त्या अंधाऱ्या पाण्यात डोळे नसलेले मासे आणि इतर सूक्ष्म जीव राहतात, आणि तेच पाणी पुढे माणसांच्या विहिरीत येते. पूर्ण बाह्यांचे पोहण्याचे कपडे घातले तर मलमाची गरजच उरत नाही.

दुसरे पर्याय

चिचेन इत्साच पाहायला हवे असे नाही. प्लाया देल कार्मेनला मुक्काम असेल तर तुलुम तासाभरावर आहे. समुद्राच्या कड्यावरची ही तटबंदीची नगरी लहान असल्याने लवकर पाहून होते आणि पोहण्याचे डोह जवळच आहेत. सावली मात्र कमी आहे. तेथून पाऊण तासावरील कोबा झाडीत दडलेली आहे. तेथे भाड्याने सायकल आणि चालकासह तीनचाकी मिळते, त्यामुळे वृद्धांना लांबचे अंतर चालावे लागत नाही. वायादोलिदच्या उत्तरेस एक बालाम आहे. तेथून दीड किलोमीटरवरच डोह आहे. चिचेन इत्साच निवांत पाहायचे असेल, तर आदल्या रात्री वायादोलिदला मुक्काम करावा. पाच तासांचा प्रवास दोन दिवसांत विभागला जातो आणि सूर्यास्ताची घाईही टळते.

एवढे सारे प्रश्न दूरध्वनीवर विचारणे जमले नाही, तर एकच विचारावा : ‘आमच्या गटाला पूजेच्या डोहापर्यंत नेणार का, आणि तेथे किती मिनिटे थांबणार?’ ज्याने दिवसाची आखणी खरोखर केली आहे, तो मिनिटांत उत्तर देतो. ‘वेळ उरला तर पाहू’ असे उत्तर आले, तर दुसरे माहितीपत्रक उचलावे.