ज्याचे त्याचे सत्य?



गेल्या महिन्यात तरुण संघाच्या सभेत बीडला कॉलेजात शिकणारा एक मुलगा म्हणाला, "सर, एकच एक सत्य असं काही नसतं. ज्याचं त्याचं सत्य वेगळं." हा विचार त्याच्या एकट्याचा नाही. सगळ्या जगाचा अर्थ सांगणाऱ्या महाकथांवर आता विश्वास उरला नाही, असे ल्योतार या फ्रेंच विचारवंताने १९७९ साली मांडले. ज्ञान आणि सत्ता एकमेकांत गुंतलेली असतात, हे फूकोने दाखवले.

यात तथ्य आहे, हे आपण मान्य करू या. १८७१ साली इंग्रज सरकारने गुन्हेगार जमातींचा कायदा केला. पुढे पारधीही त्यात ओढले गेले. मूल जन्मताच गुन्हेगार, हे सरकारदप्तरी 'सत्य' ठरले. अशा जमातींच्या काही वसाहती मुक्तिफौजेने चालवल्या. म्हणजे आपण ख्रिस्ती लोकही त्यातून सुटलो नाही. १९५२ साली कायदा गेला, शिक्का राहिला.

मग मी त्या मुलाला आष्टी तालुक्यातल्या एका पारधी वस्तीवरची गोष्ट सांगितली. शेजारच्या गावात चोरी झाली. संशय लगेच वस्तीतल्या एका पोरावर. त्या रात्री तो आमच्या अभ्यासवर्गात होता. त्याची आई मला एवढेच म्हणाली, "दादा, खरं काय ते सांगा." मी हजेरीपट घेऊन गेलो, साक्ष दिली, तेव्हा पोर सुटले.

"गावाचं सत्य गावाला, पोराचं पोराला, असं म्हणून मी घरी बसायचं होतं का?" मी विचारले. तो गप्प झाला.

दुबळ्याजवळ सत्ता नसते, पैसा नसतो. खरोखर काय घडले, एवढाच त्याचा आधार. तोही काढून घेतला तर ज्याचा आवाज मोठा त्याचाच जय. पिलाताने सत्य म्हणजे काय, असे विचारले (योहान १८:३८). येशूत दोष नाही हे ठाऊक असूनही त्याने त्याला वधस्तंभी दिले.

आपल्यासाठी सत्य म्हणजे प्रभू स्वतः (योहान १४:६), ज्याने शिष्यांचे पाय धुतले. म्हणून सत्य ही दुसऱ्यावर उगारायची काठी नव्हे. आपण त्याचे मालक नाही, साक्षीदार आहोत. आधी ऐकावे, आपली चूक कबूल करावी, आणि खोटी साक्ष चालू असेल तिथे उभे राहावे.

ते पोर यंदा दहावीला बसत आहे. त्याच्यासाठी प्रार्थना करा.