मुद्देमाल: छाप्यापासून निकालापर्यंत
अमली पदार्थांच्या खटल्यात फिर्यादी बहुधा पोलीसच असतो, पंच त्यानेच बोलावलेले असतात आणि ज्याचे काही चोरीला गेले किंवा ज्याला मार लागला असा तक्रारदार नसतो. त्यामुळे खटल्याचा सगळा भार मुद्देमालावर येतो. आरोपीकडे सापडलेली पावडर आणि प्रयोगशाळेत तपासली गेलेली पावडर एकच होती, हे सरकार पक्षाला दाखवावे लागते. १९८५ च्या एनडीपीएस कायद्यातली शिक्षा जबर आहे. मेफेड्रोन, म्हणजे बोलीतले एमडी, ५० ग्रॅमच्या वर भरले की ती व्यावसायिक मात्रा ठरते आणि किमान १० वर्षे सक्तमजुरी होते. शिवाय कलम ३५ आणि ५४ आरोपीविरुद्ध गृहीतके धरतात. ती लागू होण्याआधी माल त्याच्या ताब्यात होता हे मात्र वाजवी संशयापलीकडे सिद्ध व्हावे लागते.

काम खबरीपासून सुरू होते. बंदिस्त जागेवर छापा घालायचा असेल तर बातमीदाराने दिलेली माहिती लिहून काढायची आणि ७२ तासांत वरिष्ठाकडे पाठवायची. मग दोन पंच, वजनकाटा, टेस्टिंग किट, लाख, मेणबत्ती, सील आणि लेबले घेऊन पथक निघते. अंगझडतीआधी संशयिताला सांगावे लागते की राजपत्रित अधिकारी किंवा दंडाधिकारी यांच्यासमोर झडती घेतली जावी हा त्याचा हक्क आहे. ‘त्यांना बोलवायचे का?’ एवढे विचारून भागत नाही; हक्क असल्याचे सांगितलेच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०१० मध्ये ठरवले. हातातल्या पिशवीची झडती अंगझडतीच्या या तरतुदीत येत नाही. म्हणून माल खिशात होता की पिशवीत, यावर उलटतपासात तासन्‌तास जातात.

वजनाची गंमत वेगळीच. २०२० च्या हिरा सिंग निकालानंतर शुद्ध अंशापुरते न मोजता भेसळीसकट सगळे मिश्रण मोजले जाते. गांजाच्या व्याख्येत झाडाचे फुलोऱ्याचे शेंडे येतात; शेंड्यांविना असलेली पाने आणि बिया येत नाहीत. पोत्यात सगळेच एकत्र कोंबलेले असेल आणि वेगळे करून वजन केलेले नसेल, तर व्यावसायिक मात्रेची २० किलोची सीमा ओलांडली की नाही हेच धूसर होते. ओला गांजा वाळून हलका होतो, तेव्हा पंचनाम्यातला आकडा आणि नंतरचा आकडा जुळत नाही. या तफावतीचा खुलासा कागदावर असेल तर बिघडत नाही. नसेल तर बचावाच्या वकिलाला आयते हत्यार मिळते.

नमुना कुठे काढायचा, यावर बराच काळ गोंधळ होता. १९८९ च्या स्थायी आदेशानुसार तो जागेवरच काढत: बहुतेक पदार्थांचे ५ ग्रॅम, अफू, गांजा आणि चरस यांचे २४ ग्रॅम. कलम ५२अ मात्र दंडाधिकाऱ्यासमोर यादी, छायाचित्रे आणि नमुने घेण्यास सांगते. २०१६ च्या मोहनलाल निकालाने या कलमावर बोट ठेवले आणि २०२२ च्या नियमांनी तीच पद्धत घालून दिली. तरीही ५२अ मधली चूक एवढ्यानेच खटला कोसळत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये स्पष्ट केले. त्या चुकीनंतरही बाकीच्या पुराव्यावरचा विश्वास उरतो का, हे पाहिले जाते.

खरी परीक्षा पुढच्या कंटाळवाण्या टप्प्यात होते. सीलबंद पाकीट मुद्देमाल कारकुनाकडे जाते, नोंदवहीत चढते आणि एखादा शिपाई ते कलिन्याच्या न्यायसहायक प्रयोगशाळेत पोचवतो. पाकीट किती दिवस कपाटात होते? किल्ली कोणाकडे होती? सीलचा ठसा सोबत पाठवला होता का? छाप्यानंतर सील कोणाजवळ राहिले? प्रयोगशाळेच्या अहवालात ‘सील शाबूत, नमुन्याच्या ठशाशी जुळते’ असे लिहिलेले असले तरी कारकून आणि शिपाई यांची साक्ष झालीच नाही तर मधला दुवा तुटतो. नूर आगा खटल्यात अमृतसर विमानतळावर १९९७ मध्ये हेरॉइन पकडल्याचा आरोप होता. मूळ माल न्यायालयात हजर झाला नाही आणि नमुन्यांच्या नोंदींत विसंगती होती. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा रद्द केली. तपास अधिकाऱ्यापुढे दिलेला कबुलीजबाबही आता हात देत नाही. कलम ६७ खालचे असे जबाब पुरावा म्हणून चालत नाहीत, हे २०२० च्या तोफान सिंग निकालाने ठरले.

पंच फितूर होणे ही नित्याची बाब आहे. पोलिसांची साक्ष निखळ असेल तर तेवढ्यावरही शिक्षा होऊ शकते. मात्र एकच पंच अनेक गुन्ह्यांत दिसू लागला की न्यायाधीशांच्या कपाळावर आठी चढते. १ जुलै २०२४ पासून झडतीचे दृकश्राव्य चित्रण सक्तीचे झाल्याने पंचांच्या जोडीला कॅमेरा आला आहे. लाख कधी तापली आणि सही कधी झाली, हे त्यात दिसू शकते.

दंडाधिकाऱ्याने प्रमाणित केलेली यादी, छायाचित्रे आणि नमुने हाच प्राथमिक पुरावा धरला जातो. त्यामुळे उरलेला साठा निकालाआधीच नष्ट करता येतो. जो उरतो, त्याच्या जप्तीचा निर्णय कलम ६३ प्रमाणे न्यायालय देते, आरोपी दोषी ठरो वा संशयाचा फायदा मिळून सुटो.