कांटचे दोन भाष्यकार

‘शुद्ध बुद्धीची चिकित्सा’ हा कांटचा ग्रंथ १७८१ सालीं निघाला. बारा वर्षांचें चिंतन आपण चारपांच महिन्यांत लिहून काढलें, असें कांटनेंच एका पत्रांत नमूद केलें आहे. नॉर्मन केम्प स्मिथ यांनीं १९१८ च्या भाष्यांत, जर्मन पंडित फाइहिंगर यांना अनुसरून, ग्रंथाच्या दुर्बोधतेचें कारण दिलें तें असें कीं, निरनिराळ्या काळचीं टिपणें येथें एकत्र जोडलेलीं आहेत; म्हणून जुनीं व नवीं मतें शेजारींशेजारीं नांदतात. एच. जे. पेटन यांना हें ठिगळांचें उपपादन पटलें नाहीं. १९३६ च्या द्विखंडात्मक भाष्यांत त्यांनीं पूर्वार्धाचा एकसंध अर्थ लावून दाखविला. विसंगति दिसतांच दोष ग्रंथकाराचा मानावा कीं आपल्या वाचनाचा? ठिगळ म्हटलें कीं विचार तेथेंच थांबतो. सबब जिज्ञासूनें आधीं पेटन वाचावे. मूळ ग्रंथ मात्र इंग्रजी वाचकांनीं कित्येक दशकें वाचला तो केम्प स्मिथांच्याच १९२९ च्या भाषांतरांतून.