हप्ता लहान, व्याज महान

50 लाखांचं गृहकर्ज, साडेआठ टक्के व्याज, मुदत 20 वर्षं. हप्ता येतो साधारण 43,400 रुपये. पहिल्याच हप्त्यातले सुमारे 35,400 रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटतं जेमतेम आठ हजार. कारण व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला जवळजवळ सगळंच मुद्दल शिल्लक असतं. मुद्दलाचा वाटा व्याजाच्या पुढे जायला 12 वर्षं लागतात! शेवटी बँकेला गेलेले असतात 1 कोटी 4 लाख.

मुदत 30 वर्षं केली तर हप्ता फक्त पाचेक हजारांनी उतरतो, व्याज मात्र 54 लाखांवरून 88 लाखांवर जातं. हा सौदा मला तरी महागच वाटतो. दर वाढला की बँका अनेकदा हप्ता तोच ठेवून मुदत लांबवतात, आणि कर्जदाराच्या ते गावीही नसतं. म्हणूनच 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय कर्जदाराला द्यायला सांगितलं.

उलटही घडतं. सुरुवातीलाच एक लाख जादा भरले, तर शेवटचे सुमारे 12 हप्ते गळतात. बदलत्या दराच्या घरकर्जावर त्यासाठी दंडही नसतो.