भिकू म्हात्रेचं घर

उज्जैनमधल्या फ्रीगंजच्या टॉवर चौकाभोवतीच्या मराठी घरांना मुंबई कळली ती सुट्टीत येणाऱ्या नातेवाइकांकडून आणि हिंदी सिनेमातून. शिंद्यांची राजधानी उज्जैनहून ग्वाल्हेरला गेली, तरी माळव्यातली ही घरं मराठीच राहिली. हिंदी सिनेमात मात्र मराठी माणूस बहुधा हवालदार नाहीतर मोलकरीण असे. ३ जुलै १९९८ रोजी राम गोपाल वर्मांचा ‘सत्या’ आला. त्यातला सगळ्यात जिवंत माणूस म्हात्रे आडनावाचा होता.

तो गुंड होता याची बोच आम्हालाही लागली. पण याआधी गुंडाला असं घर कुणी दिलं होतं? भिकू खंडणी घेतो, माणसं मारतो आणि घरी उशिरा आला की बायकोची, प्यारीची, बोलणी खातो. मनोज बाजपेयी आणि शेफाली शहा यांनी हा संसार इतका खरा केला, की राजकारणी भाऊ ठाकूरदास भिकूला दगा देऊन गोळी घालतो तेव्हा आपल्या ओळखीचं कुणी गेल्यासारखं वाटतं. बाजपेयींना या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

अशा गुन्हेगारीपटाची वाट आधीच पडली होती. श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या कथेवर विजय तेंडुलकरांनी ‘अर्धसत्य’ (१९८३) लिहिला, सदाशिव अमरापूरकरांनी रामा शेट्टीची थंड दहशत उभी केली. तिथे आपण पोलिसाबरोबर चालतो. ‘सत्या’ने आपल्याला टोळीच्या खोलीत नेऊन बसवलं, पावसात भिजलेल्या खऱ्याखुऱ्या मुंबईत, तेव्हा फारसे ओळखीचे नसलेले चेहरे घेऊन. संगीत कंपनीचे मालक गुलशन कुमार यांच्या हत्येला तेव्हा वर्षही झालं नव्हतं. पडद्यावरची भीती प्रेक्षक वर्तमानपत्रात वाचतच होता.

पुढचा हिंदी सिनेमा ‘सत्या’च्याच माणसांनी बदलला. सहलेखक अनुराग कश्यप ‘ब्लॅक फ्रायडे’ आणि ‘गँग्ज ऑफ वासेपूर’कडे गेले, संगीतकार विशाल भारद्वाजांनी ‘मकबूल’ दिग्दर्शित केला. वर्मांनी स्वतः ‘कंपनी’ (२००२) काढला. नक्कल करणाऱ्यांनी मात्र शिव्या, पिस्तुलं आणि काळोख तेवढा उचलला. सुपारी घेणाऱ्यामागे वाट पाहणारं घर त्यांना दिसलं नाही, म्हणून त्यांच्या सिनेमातले मृत्यू मनाला लागत नाहीत.

‘सत्या’ पुन्हा पाहाल तेव्हा गोळीबाराइतकंच भिकू-प्यारीच्या भांडणांकडेही लक्ष द्या. या सिनेमाचं मोठं काम तिथे झालं आहे.