निळसर सावलीवरचा नारिंगी

दाढी कितीही गुळगुळीत केली तरी केसांची मुळं त्वचेखाली राहतातच. काळ्या केसावर कातडीचा पातळ थर असला की वरून ती जागा निळसर, राखाडी दिसते. तिच्यावर नुसतं फाउंडेशन चढवलं तर हनुवटी मातकट दिसू लागते आणि दुसरा थर दिला की आणखी मातकट. बाजारातली बहुतेक फाउंडेशनं बनवताना या सावलीचा विचारच झालेला नसतो. ती कुणाच्या गालावर लागणार हे आधीच ठरवून टाकलेलं असतं.

वसईच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका गाळ्यात मी जे काम पाहिलं, ते या सावलीपासूनच सुरू होतं. कंपनी लहान आहे. स्वतःचा कारखाना नाही, माल ‘थर्ड पार्टी’कडून बनवून घेते. बाई, पुरुष, ट्रान्स, यातलं काहीच न मानणारे, अशा कुणालाही वापरता यावा असा माल करायचा हा तिचा हेतू. तसं म्हणणाऱ्या कंपन्या आता पुष्कळ आहेत. टोरंटोत 1984 मध्ये सुरू झालेल्या मॅकने 1994 मध्येच आपल्या ‘व्हिवा ग्लॅम’ लिपस्टिकसाठी रूपॉल या ड्रॅग कलाकाराचा चेहरा निवडला होता. पण जाहिरातीत चेहरा बदलणं आणि डबीतला माल बदलणं यांत फार अंतर आहे, आणि मला पाहायचं होतं ते दुसरं.

वजन करण्याच्या खोलीत चार बरण्या होत्या. पिवळा, लाल आणि काळा आयर्न ऑक्साइड, आणि पांढरा टायटॅनियम डायऑक्साइड. माणसाच्या कातडीच्या जवळजवळ सगळ्या छटा या चार भुकट्यांच्या प्रमाणातून उभ्या राहतात. झाकण्याची ताकद मुख्यतः पांढऱ्यात असते, म्हणून बनवणाऱ्याचा हात तिकडे सैल सुटतो. गोऱ्या कातडीवर ते खपून जातं. सावळ्या कातडीवर मात्र राख फासल्यासारखं दिसतं. निळसर सावली मारायला तिच्या विरुद्धचा रंग, म्हणजे नारिंगी लागतो. गोऱ्या चेहऱ्याला पीचसारखी फिकट छटा पुरते, गडद चेहऱ्याला थेट विटेच्या रंगाकडे जावं लागतं. फॉर्म्युलेशन बघणाऱ्या ताई गडद छटेसाठी पांढरी भुकटी चमच्याच्या टोकाने काढून पुन्हा बरणीत टाकत होत्या. काट्यावरचा आकडा दशांशाने हलत होता. ‘सर्वांसाठी’ या शब्दाचा अर्थ मला तिथे जितका पटला तितका कुठल्याही फलकावर पटला नव्हता.

भुकट्या एरंडेलात भिजवून ट्रिपल रोल मिलवर जातात. तीन रूळ वेगवेगळ्या गतीने फिरतात, त्यांच्या फटीतून लगदा भरडला जातो आणि शेवटच्या रुळावरून पातं तो खरवडून घेतं. मिल चालवणारे काका बोलत कमी. त्यांच्याजवळ एक पोलादी पट्टी होती, तिच्यावर हळूहळू उथळ होत जाणारी खाच. खाचेत लगदा ओढला की कण जिथे दिसायला लागतात तिथला आकडा वाचायचा. आकडा पटला नाही की लगदा पुन्हा रुळावर. या मालात काकांची ही चिकाटी फार महत्त्वाची, कारण तो नुकताच वस्तरा फिरलेल्या कातडीवर लागणार. तिथे बारीक ओरखडे असतात. याच कारणाने ताईंनी सुगंध पूर्ण वगळला आहे. विक्रीवाल्यांनी आग्रह धरला होता, पण त्या बधल्या नाहीत.

मेणांचं गणित मी थोडक्यात सांगते. मधमाशीचं मेण साधारण 62 ते 64 अंशांना वितळतं, कार्नोबा 80 च्या वर. कार्नोबा वाढवला तर कांडी मुंबईच्या मे महिन्यात टिकते, पण हनुवटीवर ओढली जाते आणि दाढी केलेली कातडी चुरचुरते. म्हणून कांडी सोडून डबी आली, बोटाने थोपटून लावायची.

चाचणीसाठी माणसं शनिवारी दुपारी येतात आणि खिडकीपाशी बसतात. ट्यूबलाइटखाली रंग तपासायचा नाही, असा नियम आहे. त्यांच्यातल्या एका वयाने मोठ्या ट्रान्स बाईंनी डबी उघडून वास घेतला, बोटावर चोळलं. “आम्ही खाली केशरी लिपस्टिक घासायचो,” त्या म्हणाल्या, “पण घामाला सरकायची मेली. दुपारी बारा वाजता ऑफिसात आरशात बघावं लागू नये, एवढंच करून द्या, ताई.” लिपस्टिक सरकणारच, तिच्यात तेल भरपूर असतं. इथे तेल कमी आणि भुकटी जास्त आहे. त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली, जी ताईंनी लगेच वहीत लिहून घेतली. इस्ट्रोजेन सुरू झाल्यापासून त्यांचा चेहरा पूर्वीसारखा तेलकट राहिला नव्हता, कोरडा पडत चालला होता. म्हणजे एकाच माणसाला दोन वर्षांपूर्वी चाललेला माल आज चालेलच असं नाही. तेलकट आणि कोरड्या कातडीसाठी वेगळे घाणे काढायचं ठरलं ते त्या दुपारी.

शेजारी एक तरुणी ओढणी हनुवटीपर्यंत घेऊन बसली होती. पीसीओएसमुळे तिला हनुवटीवर राठ केस येतात, ती थ्रेडिंग करते, तरी सावली राहते. बायकांच्या दुकानात हनुवटीच्या सावलीसाठी काही मागायची तिला लाज वाटायची. या डबीवर बाईचं चित्र नाही, पुरुषाचंही नाही, छटांना फक्त आकडे आहेत. तिने सहा नंबर लावून पाहिला, मग सात, आणि सात ठेवून घेतला. तिला पाहून वाटलं, अशा मालाला ‘वेगळ्यांसाठीचा’ म्हणणं चूक आहे. त्याची गरज आपल्या घराघरांत आहे.

पुरुषाच्या चेहऱ्याला रंग लागणं आपल्याकडे नवं नाही. दशावतारात नट अजूनही स्वतःचा रंग स्वतः करतो, आणि स्त्री पार्टी करणाऱ्यालाही दाढीची सावली आधी बुजवावी लागते. बालगंधर्वांच्या साडीची आणि दागिन्यांची ढब तर घरंदाज बायकांनी उचलली. पण रंगमंचावरचा रंग दुरून पाहायचा असतो. लोकलच्या डब्यात समोरचा माणूस हातभर अंतरावर असतो, ऊन तिरपं येतं, आणि त्याची नजर ठरली की काही जणींचा पूर्ण प्रवास बदलतो. इतक्या जवळून, इतक्या उजेडात टिकेल असं काम इथे चाललं आहे. मला ते फार मोलाचं वाटतं.

आता भांडण किमतीचं आहे. ज्यांना हे रोज लागतं त्यांच्यातल्या अनेकींच्या हातात महिन्याचा ठरलेला पगार नाही. म्हणून दोन ग्रॅमची लहान डबी काढायची असं ठरतंय. डबी लहान केली की मालाच्या मानाने प्लास्टिकचा खर्च वाढतो, आणि हिशेब बघणाऱ्यांना ते पटत नाही. ताईंनी तरी नमुने भरून टाकले आहेत. ते 40 अंश तापमानात आणि 75 टक्के आर्द्रतेत तीन महिने राहतील. तेल सुटलं नाही, रंग उतरला नाही, तर दराची बैठक पुन्हा बसेल.